पायांपुरती दिसणारी बाई: 'टॉम अँड जेरी'तल्या मॅमी टू शूजचं प्रकरण

टॉमच्या घरातली बाई आठवते का? जाडजूड पाय, पायात सपाता, वर ॲप्रनची कड आणि हातात केरसुणी. चेहरा नाही. चौकट तिच्या कमरेच्या आसपासच संपते, आणि वरून कुठूनतरी "थॉमस!" अशी हाक येते. ती ऐकली की टॉमच्या अंगावरचा केस न् केस ताठ होतो.

१९९५ साली कार्टून नेटवर्क भारतात आलं, तेव्हा माझ्यासारख्या अनेकांनी ही बाई पहिल्यांदा पाहिली. मला ती घराची मालकीण वाटायची. मांजराला जेवायला घालते, रागावते, घराबाहेर काढते, म्हणजे मालकीणच असणार. ती कृष्णवर्णीय आहे हे दिसत होतं, पण त्यात काही अर्थ दडलेला असेल असं डोक्यातही आलं नाही. तीच चित्रफीत पाहणाऱ्या १९४० सालच्या अमेरिकन प्रेक्षकाला मात्र काही सांगावं लागत नव्हतं. पाय पडद्यावर आले की ती कोण, तिचं घरातलं स्थान काय, ती कशी बोलणार, हसायचं कुठे, हे सगळं त्याला आधीच ठाऊक होतं. साचा म्हणतात तो हाच.

या प्रकरणाचा पुढचा भाग मला जास्त महत्त्वाचा वाटतो. हा साचा पुढे खटकू लागला, तेव्हा तो दुरुस्त करण्याचे निरनिराळे प्रयत्न झाले आणि बहुतेक वेळा पुसली गेली ती एकच व्यक्ती. साचा घडवण्यात जिचा हात सगळ्यात कमी होता, नेमकी ती.

घर, मांजर, बाई

मालिकेची सुरुवात १० फेब्रुवारी १९४० रोजी प्रदर्शित झालेल्या 'पस गेट्स द बूट'पासून झाली. विल्यम हॅना आणि जोसेफ बार्बेरा या एमजीएम स्टुडिओतल्या दोन तरुणांनी तो केला, पण श्रेय मात्र त्यांचे वरिष्ठ रुडॉल्फ आयझिंग यांच्या नावावर गेलं. मांजराचं नाव तेव्हा टॉम नव्हतं, जॅस्पर होतं. गोष्ट सरळ आहे. जॅस्पर उंदराच्या मागे धावताना वस्तू फोडतो. बाई बजावते की आणखी एक वस्तू फुटली तर तू घराबाहेर. उंदीर ते ऐकतो आणि ग्लास काठावर धरून मांजराला वेठीला धरतो.

आता यात बाईचं काम काय ते बघा. घरातला कायदा म्हणजे ती. तिची भीती नसेल तर ग्लास फुटला काय आणि राहिला काय, मांजराचं काहीच बिघडत नाही. गोष्टीची सगळी कळ तिच्या हातात आहे, आणि म्हणूनच पुढे तिला कात्री लावून काढून टाकणं कुणालाच जमलं नाही. ती गेली की मागे नुसती धावाधाव उरते.

पण कायद्याच्या या देवतेच्या तोंडी दिलेली भाषा कशी? ती जॅस्परला "आउट" म्हणजे बाहेर काढीन म्हणते आणि शब्द ठासून सांगण्यासाठी त्याची अक्षरं फोडून दाखवते: ओ, डब्ल्यू, टी. विनोद इथे आहे. दम देणाऱ्या बाईला तीन अक्षरी शब्दही धड लिहिता येत नाही. तिचं व्याकरण कायम मोडकं, क्रियापदं चुकलेली. हशा मिळतो तो तिच्या रागावर कमी आणि तिच्या अडाणीपणावर जास्त.

हा साचा एमजीएमने शोधलेला नव्हता. डिस्नेच्या १९३५ सालच्या 'थ्री ऑर्फन किटन्स'मध्ये अशीच, पायांपुरती दिसणारी कृष्णवर्णीय मोलकरीण आहे. मागे गेलं तर वाट रंगभूमीवर पोचते. १८३०च्या सुमारास थॉमस राइस हा गोरा नट तोंडाला काळं फासून 'जिम क्रो' नावाचं सोंग नाचू लागला, आणि जाळलेल्या बुचाची काजळी फासून काळ्यांची नक्कल करणारे तमासगीर पुढे शतकभर अमेरिकेत गर्दी खेचत राहिले. कार्टूनने त्यांच्याकडून बरंच उचललं: मोठे डोळे, पांढरे हातमोजे, उगाचच नाचरे पाय. वर ज्यांचं नाव आलं त्या आयझिंग यांनीच ह्यू हार्मन यांच्याबरोबर बॉस्को हे पात्र बनवलं होतं. वॉर्नरच्या 'लूनी ट्यून्स'चा हा पहिला नायक, आणि १९२८ साली त्याची सरकारदरबारी नोंद झाली ती 'निग्रो बॉय' अशी. नंतरच्या प्रेक्षकांना बॉस्को हा माणूस आहे की माकड की आणखी काही, हे कळेनासं झालं. तो नेमका कोण होता हे नोंदवहीत मात्र स्पष्ट लिहिलेलं आहे.

'मॅमी' हा त्या रंगभूमीचाच आणखी एक नमुना. लठ्ठ, प्रेमळ, तापट, स्वतःचं घरदार नसलेली, दुसऱ्याच्या घरावर जीव टाकणारी काळी दाई. हॅना-बार्बेरांच्या चित्रपटांच्या नामावलीत मॅमी टू शूज हे नाव येत नाही, पण लोकांमध्ये ते रूढ झालं. आपल्याकडेही मुंबईतल्या कित्येक घरांत कोकणातून आलेल्या घरगड्याला, त्याचं खरं नाव काहीही असो, 'रामा' म्हणून हाक मारायचे. नाटकात गडी आला की त्याच्या तोंडी गावाकडची बोली घालायची आणि हशा वसूल करायचा, हेही आपल्याला नवं नाही. तुलना फार ताणायचं कारण नाही, गुलामगिरीचा इतिहास वेगळा आहे. पण 'मॅमी' हे नाव नसून पद आहे, हे 'रामा' आठवला की चटकन कळतं.

आवाज कुणाचा

ही बाई बोलते ती लिलियन रँडॉल्फ यांच्या आवाजात. नामावलीत त्यांचंही नाव नाही.

रँडॉल्फ यांचा जन्म १८९८चा. बहीण अमांडाही अभिनेत्री. लिलियन डेट्रॉइटच्या डब्ल्यूएक्सवायझेड रेडिओ केंद्रात काम मागायला गेल्या, तेव्हा भूमिका मिळण्याआधी त्यांना तीन महिने शिकवणी घ्यावी लागली. विषय होता 'काळ्यांची बोली', आणि शिकवणारे होते केंद्राचे गोरे दिग्दर्शक जेम्स ज्युएल. हे दोनदा वाचावं असं आहे. कृष्णवर्णीय बाईला कृष्णवर्णीय माणसासारखं बोलायला गोरा माणूस शिकवतोय, कारण श्रोत्यांना हवी असलेली बोली तिच्या घरात कुणी बोलतच नव्हतं. मांजराला दम देताना आपण जी ऐकतो ती बोली या शिकवणीतून आलेली आहे.

त्यांच्यापुढे पर्याय काय होते? 'पस गेट्स द बूट' प्रदर्शित झाल्यानंतर एकोणीस दिवसांनी, २९ फेब्रुवारी १९४० रोजी, हॅटी मॅकडॅनियल यांना 'गॉन विथ द विंड'मधल्या भूमिकेसाठी ऑस्कर मिळालं. ऑस्कर मिळवणाऱ्या त्या पहिल्या कृष्णवर्णीय कलावंत. भूमिकेचं नाव 'मॅमी'. समारंभ लॉस एंजेलिसच्या अँबॅसडर हॉटेलात होता, जिथे काळ्यांना प्रवेश नव्हता. खास परवानगी काढून त्यांना आत घेतलं आणि सहकलाकारांपासून दूर, भिंतीकडेच्या वेगळ्या टेबलावर बसवलं. यशाचा कळस तो एवढा.

१९४२ पासून एनएएसीपी या कृष्णवर्णीयांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या संघटनेचे सचिव वॉल्टर व्हाइट हॉलिवूडमध्ये स्टुडिओप्रमुखांच्या भेटी घेऊ लागले. मोलकरणी, हमाल, विदूषक यांच्यापलीकडच्या भूमिका द्या, अशी त्यांची मागणी होती. ती रास्तच होती. पण मोलकरणीच्या भूमिकांवर पोट असणाऱ्या नटनट्यांना त्यात स्वतःवरचा ठपका दिसला. १९४६ साली 'एबनी' मासिकाने रँडॉल्फ यांच्या रेडिओवरच्या बर्डी या मोलकरणीच्या भूमिकेवर टीका केली, तेव्हा त्यांनी त्याच मासिकात उत्तर दिलं. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं होतं: या भूमिका आम्ही सोडल्या म्हणून बंद होणार नाहीत, त्या करणाऱ्यांचा वर्ण तेवढा बदलेल.

स्वार्थातून आलेला युक्तिवाद म्हणून तो बाजूला सारता येईल. पण तो हवेत मारलेला बाण नव्हता. रेडिओवरची लोकप्रिय काळी मोलकरीण ब्यूला हिला सुरुवातीला आवाज देत होता मार्लिन हर्ट हा गोरा पुरुष. त्यानंतर कुठे ती भूमिका हॅटी मॅकडॅनियल यांच्याकडे आली, मग लिलियन यांच्याकडे, मग अमांडा यांच्याकडे. 'वर्ण बदलेल' हे लिलियन अनुभवावरून बोलत होत्या. त्यांचं हे वाक्य लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

मालकीण की मोलकरीण

१९४० ते १९५८ या काळात हॅना-बार्बेरांनी चित्रपटगृहांसाठी या मालिकेचे ११४ लघुपट केले. त्यातल्या १९ मध्ये ही बाई आहे. आणि गंमत अशी की ती मोलकरीण आहे असं ठाम सांगणारं त्यांत फारसं काही नाही. मालक कधी दिसत नाहीत. १९५०च्या 'सॅटर्डे ईव्हनिंग पस'मध्ये तर ती आरशासमोर दागदागिने घालून शनिवारच्या रात्री मैत्रिणींच्या ब्रिज क्लबला निघते. ती गेल्यावर टॉम गल्लीतली मांजरं बोलावून गाण्याबजावण्याचा धुडगूस घालतो, झोप उडालेला जेरी तिला फोन करतो आणि ती तशीच धावत परत येते. धावताना क्षणभर, अगदी डोळ्याचं पातं लवेपर्यंत, तिचा चेहरा पडद्यावर येतो. दहा वर्षांत एकदा.

माझं लहानपणीचं 'मालकीण' हे वाचन त्यामुळे अगदीच भाबडं नव्हतं, चित्रपटात त्याला जागा आहे. पण ही जागा बनवणाऱ्यांनी मुद्दाम ठेवली असं मला वाटत नाही. काळी बाई म्हणजे मोलकरीण हे इतकं गृहीत होतं की सांगायची गरजच पडली नाही. न सांगितल्यामुळे फट राहिली, आणि त्या फटीतून मुंबई-पुण्यातली पोरं तिला मालकीण म्हणून बघून गेली.

१९४८च्या 'माऊस क्लीनिंग'मध्ये मात्र अशी फटच नाही. बाई घर लख्ख करून बाहेर जाते, शेवटी कोळशाचा ढीग घरात लोटतो, आणि त्यातून काळाठिक्कर झालेला टॉम वर येतो. बाई त्याला ओळखत नाही. इथे मांजर पाहिलंस का, असं विचारते. टॉम आळसावलेल्या, ओढत बोलणाऱ्या काळ्या नोकराच्या थाटात उत्तर देतो आणि पाय फरफटत निघतो. म्हणजे काजळी फासलेला तमासगीर मांजराच्या रूपात परत. स्फोट झाला की तोंड काळं, तोंड काळं झालं की बोली बदलली, ही त्या काळच्या कार्टूनांची नेहमीची युक्ती होती. इथे तिच्यावर अख्खा शेवट उभा आहे.

१९५१ साली एनएएसीपीने दूरचित्रवाणीवरच्या 'एमॉस अँड अँडी' या कृष्णवर्णीय पात्रांच्या विनोदी मालिकेविरुद्ध जाहीर भूमिका घेतली. वारं बदललं होतं. पुढच्याच वर्षी आलेला 'पुश-बटन किटी' हा या बाईचा शेवटचा लघुपट. त्यात ती टॉमच्या जागी उंदीर पकडणारं यांत्रिक मांजर आणते आणि टॉमला घर सोडावं लागतं. नोकराला कालबाह्य ठरवून काढल्याची गोष्ट, आणि त्यानंतर तीच मालिकेतून गायब. योगायोगच असावा, पण लिहिणाऱ्याला मोह होतो. पुढे टॉमच्या घरी जॉर्ज आणि जोन हे गोरं जोडपं राहायला आलं.

दुरुस्त्या

इथपर्यंत प्रकरण मिटल्यासारखं होतं. पण चित्रफितींना मरण नसतं. १९६५च्या सप्टेंबरमध्ये सीबीएस वाहिनीने जुने 'टॉम अँड जेरी' लहान मुलांसाठी दाखवायला घेतले. नागरी हक्क कायदा होऊन जेमतेम वर्ष झालेलं. वर सांगितलेला 'एमॉस अँड अँडी' हाही सीबीएसचाच, आणि १९६६ साली त्याचं पुनःप्रसारण बंद करावं लागलं. अशा वेळी घराघरांत मॅमी दाखवणं शक्य नव्हतं. बाई काढली तर गोष्ट कोसळते, हे तर आपण पाहिलंच.

मग एमजीएमच्या चक जोन्स यांच्या चमूने ती बाईच नव्याने काढली. तयार फिल्मवरून चौकटीमागून चौकट गिरवत काळ्या पायांच्या जागी बहुतेक लघुपटांत तसेच जाडजूड, पण गोरे पाय बसवले. सात मिनिटांच्या लघुपटात सेकंदाला चोवीस या हिशेबाने दहा हजारांवर चौकटी असतात. बाई सगळीकडे नसते, तरी काम किती किचकट असेल याची कल्पना करा. लिलियन रँडॉल्फ यांचा आवाज काढून जून फोरे या गोऱ्या कलावतीचा आवाज भरला, आणि उच्चार बहुतेक ठिकाणी दिले आयरिश. 'सॅटर्डे ईव्हनिंग पस'मध्ये ब्रिज खेळायला जाणाऱ्या बाईच्या जागी मात्र एक शिडशिडीत गोरी तरुणी आली. तो क्षणभराचा चेहराही अर्थातच गेला.

आयरिश का? एकोणिसाव्या शतकात अमेरिकेच्या शहरांत घरकाम करणाऱ्या बाया मोठ्या संख्येने आयरिश होत्या. तेव्हाच्या विनोदी साप्ताहिकांत 'ब्रिजेट' नावाची भांडखोर, भांडी फोडणारी आयरिश मोलकरीण ठरलेली असायची. थोडक्यात, एका मोलकरणीचा साचा काढला आणि त्याच्या आधीचा, आता कुणाला न टोचणारा साचा माळ्यावरून काढून बसवला. बाईचं घरातलं स्थान हललं नाही. वर्ण तेवढा बदलला. १९४६ साली रँडॉल्फ हेच म्हणाल्या होत्या, आणि ते खरं ठरलं त्यांच्याच पात्राच्या बाबतीत. रोजगार गेला तो साच्याचा नव्हे, त्यांचा.

पुढची दुरुस्ती १९९०च्या दशकातली. १९८६ साली एमजीएमचा जुना खजिना माध्यम-उद्योजक टेड टर्नर यांच्याकडे गेला आणि वाहिन्यांसाठी या लघुपटांचा आवाज पुन्हा भरण्यात आला. या वेळी चित्र मूळचंच ठेवलं, आवाज दिला थिया विडाल या कृष्णवर्णीय विनोदी कलावतीने, आणि संवादांतली ती शिकवणीची बोली सौम्य केली. हेतू चांगला होता यात शंका नाही. आधीच्या खटाटोपापेक्षा हे बरंच बरं, कारण निदान एका काळ्या बाईचं काम दुसऱ्या काळ्या बाईला मिळालं. तरी माझी तक्रार आहे. चित्र जुनं, बोली नवी, म्हणजे १९४०च्या स्टुडिओने हे पात्र असं सभ्यपणे लिहिलं होतं असा समज पुढच्या पिढीचा होतो. स्टुडिओचं पाप धुतलं जातं आणि धुतल्या पाण्याबरोबर रँडॉल्फ यांचा आवाज वाहून जातो. तो आवाज साधा नव्हता. 'थॉमस' या एका शब्दात त्या संशय, धमकी आणि लाड अशा तिन्ही छटा आणायच्या, आणि ते त्यांना कुणी शिकवलेलं नव्हतं.

'माऊस क्लीनिंग'चं मात्र आवाज बदलूनही काही होण्यासारखं नव्हतं, कारण तिथे दोष चित्रातच आहे. पुढे हे लघुपट वॉर्नरकडे आले. २०१३ साली वॉर्नरने त्यांचा दुसरा मोठा संच जाहीर केला, तेव्हा हा आणि जेरीच्या तोंडाला काळं फासून त्याला नाचवणारा 'कॅसानोव्हा कॅट' असे दोन लघुपट गाळले. संग्राहकांनी आरडाओरडा केला आणि तो संच ठरल्याप्रमाणे बाजारात आलाच नाही.

शेवटचा पर्याय म्हणजे काही न बदलता आधी सूचना दाखवणं. २००५ सालच्या डीव्हीडी संचात कृष्णवर्णीय अभिनेत्री हूपी गोल्डबर्ग स्वतः पडद्यावर येऊन सांगतात की यातली काही चित्रणं तेव्हाही चूक होती आणि आजही चूक आहेत, पण ती काढून टाकणं म्हणजे असे पूर्वग्रह कधी नव्हतेच म्हणण्यासारखं होईल. २०१४ साली अशीच लेखी सूचना ॲमेझॉनच्या व्हिडिओसेवेवर झळकली तेव्हा साध्या उंदीर-मांजराच्या खेळात राजकारण आणल्याची ओरड झाली. ओरडणाऱ्यांपैकी किती जणांना एमजीएमच्या कुंचल्याने पुसलेले पाय ठाऊक होते, कोण जाणे. राजकारण चित्रात पहिल्यापासून होतं, सूचनेने ते फक्त वाचून दाखवलं.

मला हाच मार्ग सगळ्यात कमी खोटा वाटतो, पण त्याला मर्यादा आहे आणि ती मान्य केली पाहिजे. सूचना वाचणारा मोठा माणूस असतो आणि कार्टून बघणारं पोर पाच वर्षांचं. ज्या घरात आजी खरोखरच दुसऱ्यांच्या घरी लादी पुसून आली, त्या घरातल्या पोराला हे दाखवावं की नाही, हे मी इथे बसून ठरवू शकत नाही. लहान मुलांच्या वाहिनीवर 'माऊस क्लीनिंग' नसला तर मला वाईट वाटणार नाही. अभ्यासकाला तो मूळ आवाजासह मिळाला नाही तर वाटेल.

रँडॉल्फ पुढेही काम करत राहिल्या. १९७७ सालच्या 'रूट्स' मालिकेत, गुलामगिरीच्या त्या मोठ्या कथेत, त्यांची छोटी भूमिका होती. १९८० साली कृष्णवर्णीय चित्रकर्मींच्या मानवंदना-यादीत त्यांचं नाव घेतलं गेलं, आणि त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये त्या गेल्या.

आता तुमच्या समोर येणारी प्रत कोणती हे ओळखणं सोपं आहे. पाय गोरे असतील तर ती साठच्या दशकातली. पाय काळे आणि भाषा नीटनेटकी असेल तर नव्वदच्या दशकातली. आणि मांजराला बाहेर काढण्याआधी बाई 'आउट'ची अक्षरं चुकीची फोडत असेल, तर आवाज वाढवा. ती चूक लिहिणारा दुसरा कुणीतरी आहे, बोलतायत त्या लिलियन रँडॉल्फ.